अकरा तांब्यांची टाकी

बसा मंडळी, बसा. पूर्वरंग झाला, बुक्का लावून झाला, हार घालून झाला. आता जरा सरकून बसा, मागच्यांना जागा द्या. तबलजी, तबला लावत होतात की कुणाचं दार ठोकत होतात? असू दे. लागला ना? मग ऐका.

आख्यानाच्या आधी एक प्रश्न विचारतो. अगदी साधा आहे. देवाला विटाळ कशाचा होतो?

— नाही, उत्तर नको! ते पुढचे आजोबा लगेच बोट वर करायला लागले. आजोबा, तुमचं उत्तर मला ठाऊक आहे. चामड्याचा होतो, उष्ट्याचा होतो, खरकट्याचा होतो, अमक्याचा होतो, तमक्याचा होतो. यादी पाठ आहे आपल्याला. लहानपणी आधी ती यादी शिकलो आणि मग देवाचं नाव. पण ती यादी देवानं दिली की आपणच केली, हे कधी विचारलंत? मी आज तेवढंच विचारायला उभा आहे.

आज पुराणात जायचं नाही. राक्षस नाही, ऋषी नाही, शाप नाही. आज आपल्याला जायचंय संडासात.

हसा, हसा. त्या पदराआड हसतायत त्यांनीही मोकळेपणानं हसा. इतकी वर्षं मी तुम्हाला स्वर्गात नेलं, पाताळात नेलं, कुणी हसलं नाही. रोज जिथं जाता तिथं नेतो म्हटलं तर हसता! अहो, शरीर देवानं दिलं ना? मग आत घालायची सोय देवाची आणि बाहेर टाकायची काय शेजाऱ्याची?

तर एक गाव होतं. अजून आहे. नाव सांगत नाही, कारण तिथली मंडळी मला दरवर्षी बोलावतात आणि पुढच्या वर्षीही बोलवावं अशी माझी इच्छा आहे. त्या गावात त्र्यंबकराव करंदीकर नावाचे गृहस्थ. पाटबंधारे खात्यात ओव्हरसियर होते, निवृत्त झाले. माणूस सज्जन. खोटं बोलणं नाही, कुणाचं वाईट चिंतणं नाही. व्यसन एकच — सोवळं! सकाळी सहाला आंघोळ, की कद नेसून देवघरात. तिथून बारा वाजेपर्यंत त्यांना कुणी शिवायचं नाही. पोस्टमन आला तर पत्र उंबऱ्यावर ठेवून लांब उभा राहायचा. मांजरसुद्धा सकाळचं त्यांच्या वाटेला जायचं नाही, मांजराला कळत होतं.

आणि त्यांच्या पत्नी नलिनीकाकू. वय वर्षं सत्तर. हे आख्यान त्यांचं आहे बरं का. त्र्यंबकराव मध्ये मध्ये पुढे येतील, पण ते सगळीकडेच येतात, तिकडे लक्ष देऊ नका.

काकूंच्या घरचा संडास परसात. मागच्या दारापासून तीस पावलं, मग चार पायऱ्या, आणि वर जाऊन उकिडवं बसायचं. हातात पाण्याची बादली. एकोणपन्नास वर्षं काकू तिथं गेल्या. उन्हात गेल्या, चिखलात गेल्या, पोटुशा होत्या तेव्हा गेल्या. गेल्या वर्षी त्यांच्या उजव्या गुडघ्यानं हात टेकले. ऑपरेशन झालं, नवी वाटी बसली. आणि डॉक्टरीणबाईंनी बजावलं — काकू, आता उकिडवं बसायचं नाही, पायऱ्या चढायच्या नाहीत, भरलेली बादली उचलायची नाही. घरात कमोड बसवा, त्याला फ्लशची टाकी लावा, आणि पाणी भरपूर प्या.

काकू घरी आल्या आणि त्यांनी नवऱ्याकडे मागणी केली. मंडळी, एकोणपन्नास वर्षांतली पहिली मागणी! पाटल्या नाही मागितल्या, काशीयात्रा नाही मागितली. म्हणाल्या, "अहो, तेवढी टाकी बसवा. बटण दाबलं की पाणी यायला हवं. मला आता बादली होत नाही."

त्र्यंबकरावांनी तीन आठवडे विचार केला. घरात संडास म्हणजे काय थोडी गोष्ट आहे? देव बसलेत त्या छपराखाली! शेवटी मागच्या पडवीच्या टोकाला अडगळीची खोली होती, तिथं परवानगी मिळाली. देवघरापासून ती सगळ्यात लांब. टेप लावून मोजलं त्यांनी, उगाच नाही.

मिस्त्री आला. सर्जेराव त्याचं नाव. कानावर पेन्सिल, गालात सुपारी, कामाला वाघ. त्यानं कमोड बसवला, सिमेंट घोटलं, खालचा पाइप खड्ड्याला जोडला. राहिली टाकी. भिंतीला ती प्लॅस्टिकची पांढरी टाकी लावायची आणि पाण्याला जोडायची. सर्जेराव म्हणाला, "काका, गच्चीवरच्या टाकीची लाईन हितनंच जातीया. अर्ध्या इंचाचा एक फाटा काढतो आन् जोडतो. जेवायच्या आत काम खल्लास."

त्र्यंबकराव पडवीच्या पलीकडच्या टोकाला उभे. कदात होते ना. तिथून म्हणाले, "कुठल्या टाकीची लाईन?"

"वरच्या. काळ्या टाकीची."

"त्या टाकीचं पाणी देवघराच्या नळाला येतं."

"व्हय की."

"देवाचा अभिषेक त्या पाण्यानं होतो, सर्जेराव."

"व्हय की काका, पाणी चांगलं हाय."

"अहो, मग त्या टाकीचा आणि संडासाचा संबंध आला!"

सर्जेरावला वाटलं, काका थट्टा करतायत. मग त्यानं काकांचं तोंड बघितलं आणि सुपारी थुंकून आला. म्हणाला, "काका, पाणी वरनं खाली येतंय. खालनं वर कसं जाईल?"

काय वेळ आली बघा! चाळीस वर्षं कालवे बांधले त्या माणसानं, आणि एक मिस्त्री त्याला सांगतोय की पाणी वरून खाली येतं. पण त्र्यंबकराव हटतात होय? ते म्हणाले, "पाणी नाही जात, संबंध जातो."

संबंध जातो! मंडळी, हा संबंध नावाचा पदार्थ मी फार शोधला. जुन्या पोथ्या उलटून बघितल्या, जाणत्या लोकांना विचारलं. कुणी दाखवला नाही. त्याचा स्वभाव मात्र मला कळलाय. तो उताराला जात नाही, चढाला जातो. लोखंडातून जातो, प्लॅस्टिकमधून जातो, भिंतीच्या आतून जातो. फक्त जिथं आपलीच गैरसोय होते ना, तिथं मात्र तो थांबतो. तिथं त्याचं काही चालत नाही.

सर्जेराव चांगला माणूस, त्यानं तोडगे काढले. म्हणाला, मध्ये व्हॉल्व बसवतो, पाणी एकाच दिशेनं जातं, उलटं फिरत नाही. त्र्यंबकराव म्हणाले, व्हॉल्व पाण्याला अडवतो, संबंधाला नाही. बरं, गच्चीवर दुसरी छोटी टाकी ठेवतो, संडासापुरती वेगळी. ती कशानं भरणार? त्याच मोटरनं. मग मोटरचा संबंध आला. बरं, नगरपालिकेच्या नळाला जोडतो. तो तर प्यायच्या पाण्याचा! सर्जेरावनं कानावरची पेन्सिल काढून खिशात ठेवली. म्हणाला, "मग काका, टाकी लावूच नगा."

"टाकी लावायची. डॉक्टरांनी सांगितलंय. टाकी लावा, नळ जोडू नका. वरचं झाकण उघडायचं, परसातल्या हौदातलं पाणी आणायचं आणि हातानं भरायचं. बटण दाबलं की फ्लश होतोच आहे. आणि जरा उंच लावा, पाण्याला जोर येईल."

"आन् भरनार कोन?"

"भरता येईल," त्र्यंबकराव म्हणाले.

भरता येईल! वा! आपल्या घरात ही अशी कामं किती आहेत बघा. मेथी निवडता येईल. पाहुण्यांच्या अंथरुणांचं बघता येईल. आजीला न्हाऊ घालता येईल. कुणाला येईल ते सांगायचं नाही, आणि सगळ्यांना माहीत असतं! काकू स्वयंपाकघरात पोळ्या लाटत होत्या. त्यांनी ऐकलं. लाटणं पोळपाटावर ठेवलं, डोळे मिटले आणि तव्यावरची पोळी करपू दिली. एकोणपन्नास वर्षांत पहिल्यांदा.

आता तुम्हाला एक गुपित सांगतो. त्र्यंबकरावांना सांगू नका, त्या गावचे लोक येतात इथं. तो परसातला हौद आहे ना, सिमेंटचा, त्यातलं पाणी ओवळं. धुणंभांडी, झाडं, जुना संडास, सगळं त्यातलं. त्र्यंबकराव त्या हौदाकडे फिरकत नाहीत, त्यांची बादलीसुद्धा भांडीवाली भरून ठेवते. पण तो हौद भरतो कशानं? आकाशातून? नाही. गच्चीवरच्या त्याच काळ्या टाकीचा एक नळ परसात काढलेला होता. नळाला रबरी पाइप. आणि पाइपचं तोंड हौदाच्या पाण्यात वीतभर बुडालेलं!

आता लावा त्र्यंबकरावांचं शास्त्र. ओवळ्या हौदात पाइप, पाइप नळाला, नळ टाकीला, टाकी देवघराला. संबंध आला की नाही? आज नाही आला हो, तेवीस वर्षांपूर्वी आला. गच्चीवर टाकी चढवली त्या दिवशी. आणि हे त्या घरात एकाच माणसाला ठाऊक होतं, कारण हौद भरायचा नळ रोज तोच माणूस सोडत होता.

सर्जेराव टाकी लावून हात धुवायला हौदावर गेला. त्यानं तो पाइप बघितला. बघून परत फिरला, तोंड उघडलं — आणि दारात काकू. काकू म्हणाल्या, "सर्जेराव, चहा घ्या."

त्यानं चहा घेतला आणि चहाबरोबर बोलणंही गिळलं.

काकू का बोलल्या नाहीत? तुम्हाला प्रश्न पडला असेल. बायकांना नाही पडला बघा, त्या माना डोलावतायत. अहो, बोलल्या असत्या तर हा माणूस फ्लशला नळ देणार होता का? मुळीच नाही. हौदाचाही नळ काढून घेणार होता! मग हौदसुद्धा हातानं भरा. त्यापेक्षा गप्प बसलेलं बरं. पोथी न वाचता बाईला एवढं शास्त्र कळतं.

झाली टाकी. उंच लावली. काकूंच्या कपाळाला लागेल एवढी. आता दृश्य बघा. टाकीत पाणी मावतं अकरा तांबे. भांडीवाली सकाळी एक बादली आत आणून ठेवायची, ती नऊ वाजेपर्यंत संपायची. मग काकू काठी टेकत परसात जाणार, अर्धी बादली भरणार, दारापर्यंत आणणार, टेकणार, परत उचलणार. मग झाकण काढायचं. मग एका हातानं भिंत धरायची आणि दुसऱ्या हातानं तांब्या वर, कपाळाच्या वर! अर्धा टाकीत, अर्धा बाहीत. असे अकरा. मग झाकण लावायचं. मग बटण दाबायचं, की ते अकराच्या अकरा तांबे पाच सेकंदांत खाली!

अहो, आधी परसात दोन तांबे ओतले की भागत होतं. बादली जड होती, पण तेवढीच होती. आता तेच पाणी आधी वर चढवायचं, कशासाठी? खाली पडण्यासाठी! चाळीस वर्षं पाटबंधारे खात्यात काढलेला माणूस आहे घरात. चिडू नको तर काय करू मी?

मी एक साकी केली आहे यावर. पेटीवाले, काळी दोन. यमकाकडे लक्ष द्या, बाकी काही बघू नका.

टाकी बसली भिंतीवरती, बटण किती हो छान ।
अकरा तांबे ओतुन ओतुन, मोडे काकुंची मान ॥

बरं, त्र्यंबकराव का भरत नव्हते? कसे भरणार? सकाळी सहा ते बारा सोवळ्यात. बारानंतर जेवण, जेवणानंतर वामकुक्षी. संध्याकाळी परत आंघोळ, परत संध्या. मधे दीड-दोन तास मोकळे असायचे, त्यात ते पेपर वाचायचे. पेपर ओवळ्यात चालतो. आणि ते स्वतः परसातच जात होते, गुडघे ठणठणीत. त्यांना त्या टाकीची काही झळच नव्हती.

उलट कौतुक! कुणी घरी आलं की पडवीच्या टोकाला घेऊन जायचे. एकदा जुने सहकारी आले, दामले म्हणून. "बघा दामले, आमची मॉडर्न सोय. दाबा बटण." दामल्यांनी दाबलं. धाडकन पाणी. दामले खूश. त्यांनी परत दाबलं. काही नाही.

"परत कसं येत नाही?"

"भरावं लागतं," त्र्यंबकराव म्हणाले, आणि आतल्या बाजूला वळून हाक मारली, "अगं, जरा टाकी भर गं. दामल्यांना परत बघायचंय."

सांगा, काय करायचं या माणसाचं? काकूंनी तेव्हा काय केलं, विचाराल. भरली! अकरा तांबे. दामल्यांनी परत दाबलं, वा म्हणाले आणि पोहे खाऊन गेले. काकू भिंतीला पाठ लावून उभ्या राहिल्या आणि त्यांच्या मनात आलं, या घरात माझ्या गुडघ्यापेक्षा त्या बटणाला मान जास्त आहे.

आणि त्या दिवसापासून काकूंनी एक युक्ती काढली. कुणाला न सांगता. पाणी प्यायचं नाही. प्यायलंच नाही तर जावं कशाला लागेल? सकाळी अर्धा कप चहा. दुपारी जेवताना दोन घोट. रात्री गोळीपुरता एक घोट. बाहेर चैत्राचं ऊन. माठ भरलेला, वाळा घातलेला. काकू माठावरून हात फिरवायच्या आणि पुढे जायच्या. डॉक्टरांनी काय सांगितलं होतं? पाणी भरपूर प्या. काकू तेच पाणी बाकी सगळ्यांना देत होत्या. दामल्यांना दिलं, भांडीवालीला दिलं, तुळशीला दिलं, कुत्र्याच्या वाटीत घातलं. स्वतःच्या घशाखाली नाही.

सव्वा महिना चाललं हे. मग एका सकाळी तोंडाला कोरड, डोळ्यांपुढे अंधारी, अंगात ताप, आणि लघवीला अशी आग की बाई उभ्या उभ्या रडली. सोवळं राहिलं बाजूला, त्र्यंबकरावांनी रिक्षा बोलावली. अहो, प्रेम होतंच त्यांचं! प्रेम नव्हतं असं कोण म्हणतंय? हात धरून नेलं त्यांनी. नुसती बादली तेवढी धरली नव्हती.

डॉक्टरीणबाईंनी तपासलं. म्हणाल्या, "काकू, दिवसाला पाणी किती पिता?"

काकू भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघायला लागल्या. उत्तर कुणी दिलं? त्र्यंबकरावांनी! "पिते की. तहान लागली की पितेच ती."

"काका, मी त्यांना विचारलं," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "काकू, लघवीत जंतू झालेत, आणि हे असंच राहिलं तर मूत्रपिंडापर्यंत जाईल. आणि रक्तात एकदा पसरलं तर मी केलेला गुडघासुद्धा वाया जाईल. गोळ्या देते, पण नुसत्या गोळ्यांनी भागणार नाही. दिवसाला दहा भांडी पाणी गेलं पाहिजे पोटात. उद्यापासून नाही, आजपासून."

दहा भांडी! काकूंनी मनात काय मोजलं असेल सांगू? भांडी नाही मोजली. तांबे मोजले.

रिक्षा दारात आली. त्र्यंबकरावांनी बायकोला पडवीत खुर्चीवर बसवलं, माठातलं पाणी आणून पुढे धरलं, आणि अगदी मायेनं म्हणाले, "अगं, पाणी का पीत नाहीस? पाण्याची काय कमी आहे आपल्या घरात?"

मंडळी, एकोणपन्नास वर्षं सगळं सोसलं त्या बाईनं. हे एक वाक्य नाही सोसलं.

त्यांनी भांडं घेतलं आणि खाली ठेवलं. आवाज चढवला नाही. म्हणाल्या, "हे भांडं मी प्यायले तर तासाभरात मला जावं लागेल. गेले की अकरा तांबे. दहा भांड्यांचे किती होतात ते तुम्ही सांगा, तुम्ही आयुष्यभर पाणी मोजलंत. मी मरायला घाबरत नाही हो. मी त्या टाकीला घाबरते."

त्र्यंबकरावांच्या तोंडचं पाणी पळालं. "अगं, मग बोलायचं नाहीस का?"

"काय बोलायचं? रोज तुमच्या डोळ्यांसमोर बादली घेऊन जात होते. तुम्ही पाय वर घेत होतात, शिंतोडा उडेल म्हणून."

"पण देवाच्या पाण्याला —"

"देवाच्या पाण्याचं मला सांगू नका," काकू म्हणाल्या. "उठा. चला माझ्याबरोबर."

काठी टेकत टेकत, तापात, त्या नवऱ्याला परसात घेऊन गेल्या. हौदाशी उभं केलं. काठीनं दाखवलं. "हे पाइपचं तोंड कुठं आहे?"

"हौदात."

"पाण्यात बुडालंय की वर आहे?"

"बुडालंय."

"दुसरं टोक कुठं आहे?"

"नळाला."

"आणि तो नळ कुठल्या टाकीचा?"

त्र्यंबकरावांनी वर बघितलं. गच्चीवर काळी टाकी. त्यांनी परत हौदाकडे बघितलं. परत वर. हिशोबाचा माणूस, एका क्षणात सगळी लाईन डोळ्यांपुढे उभी राहिली. हौद, पाइप, नळ, टाकी, देवघर, गडू, देव.

"कधीपासून?"

"तेवीस वर्षं. टाकी चढवलीत त्या दिवसापासून."

"तेवीस वर्षं मी देवाला हे पाणी —"

"घातलंत. आणि त्यानं घेतलं," काकू म्हणाल्या. "एकदाही पाटावरून उठून गेला नाही तो. आपल्या लेकीचं, मंजूचं लग्न त्यानं लावलं, तुमच्या छातीचं दुखणं निभावलं, माझा गुडघा केला. त्याला चाललं. चालत नाही ते तुम्हाला."

आता तुम्हाला वाटेल, त्र्यंबकरावांचे डोळे उघडले, त्यांनी बायकोचे पाय धरले. नाही हो! मी खोटं कशाला सांगू? त्यांचा पहिला हात गेला त्या पाइपाकडे. उपसून काढायला! तेवीस वर्षांचा विटाळ, तो आत्ताच्या आत्ता थांबवायला! असं असतं बघा हे. बायको तापानं थरथरतेय शेजारी, आणि याला पाइप दिसतोय.

काकू म्हणाल्या, "काढा. पण काढलात तर हौद तुम्ही भरायचा. रोज. सहाच्या आंघोळीच्या आधी."

हातात पाइप, पाइपातून पाणी गळतंय पायावर, आणि वर ऊन. उभे राहिले त्र्यंबकराव. मग त्यांनी बायकोकडे बघितलं. ओठ फुटलेले, भेगा पडलेल्या, पांढरे. घरातला हौद भरलेला, टाकी भरलेली, माठ भरलेला, देवाचं घंगाळ भरलेलं, आणि हिचे ओठ असे. हे त्यांना सव्वा महिन्यात पहिल्यांदा दिसलं. पाइप त्यांनी जिथं होता तिथं परत सोडला. आणि मग त्या माणसानं परसातली बादली उचलली, हौदात बुडवली, आत नेली, आणि अकरा तांबे त्या टाकीत स्वतःच्या हातानं चढवले. सातव्या तांब्याला दम लागला. बाहेर येऊन म्हणाले, "पी आता पाणी. सर्जेरावला बोलावतो."

सर्जेराव दुसऱ्या दिवशी आला. अर्ध्या इंचाचा फाटा काढला, टाकी खाली घेतली, जोडली. खरंच जेवायच्या आत काम झालं! जे काम दीड महिन्यापूर्वी व्हायचं होतं, ते. आणि त्र्यंबकराव अगदीच काही बदलले नाहीत बरं का. देवघराच्या भिंतीला लागून नवा पाइप न्यायचा नाही म्हणाले, बाहेरून वळसा घालायला लावला. सर्जेराव चडफडला, पण घातला वळसा. काम चालू असताना काका चार वेळा आंघोळ करून आले. असू दे. करू दे त्यांना आंघोळी, स्वतःच्या हातानं पाणी काढून करत होते ना.

काकूंनी दार लावलं आणि बटण दाबलं. पाणी गेलं. आणि मग त्या तिथंच थांबल्या. आत टाकीत सुर्रर्र आवाज यायला लागला, आपोआप. कुणी चढवत नव्हतं, कुणी ओतत नव्हतं. आवाज हळूहळू बारीक झाला आणि थांबला. टाकी भरली होती. काकू बाहेर आल्या, स्वयंपाकघरात गेल्या, माठाचं झाकण काढलं आणि उभ्यानं एक भांडं प्यायल्या. मग दुसरं. दुसऱ्याला श्वास घ्यायला थांबल्या. मग तिसरं, त्यातलं थोडं गळ्यावरून पदरावर सांडलं, त्यांनी पुसलं नाही. त्र्यंबकराव आत देवावर संततधार धरून बसले होते. पण मी तुम्हाला सांगतो मंडळी, त्या दिवशी देवाला जो अभिषेक पोचला ना, तो देवघरातला नव्हता. तो माठापाशी झाला.

मग देवाला विटाळ कशाचा? चामड्याचा नाही, पाइपाचा नाही, संडासाचा तर नाहीच नाही. आपल्या सोवळ्यापायी घरातलं माणूस तहानेलं राहतं, त्याचा! तो धुतला जात नाही. कितीही आंघोळी करा.

झालं आख्यान. आता तुम्ही म्हणाल, बुवा, छान सांगितलंत, आरती घेऊ. थांबा. ताट खाली ठेवा जरा. माझं बोलणं व्हायचंय.

मी आज दुपारी चारला इथं आलो. हात-पाय धुवायला मागे गेलो. या देवळामागे बायकांसाठी संडास बांधलेला आहे. चांगला आहे. फरशी आहे, कडी आहे, देणगीदाराच्या नावाची पाटी आहे. आणि दाराला कुलूप आहे. मी व्यवस्थापकांना विचारलं, हे काय? ते म्हणाले, "बुवा, तो गाभाऱ्याच्या मागच्या भिंतीला लागून येतो, म्हणून उत्सवाचे सात दिवस बंद ठेवतो." आणि पुरुषांचा? "तो पलीकडे आहे, तो उघडा असतो."

या बाजूला दीडशे बाया बसल्यात. कुणी साडेतीनपासून बसलंय, जागा मिळावी म्हणून. किती जणींनी दुपारपासून पाणी प्यायलेलं नाही? हात वर करू नका, मला बघवणार नाही. शेजारणीकडेही बघू नका. तुम्हाला माहीत आहे, आणि पुरुषांनो, आता तुम्हालाही माहीत झालं. त्र्यंबकरावांना हसलात ना मघाशी? पोट धरून हसलात. हसताना त्या भिंतीकडे पाठ करून बसला होतात.

किल्ली कुणाकडे आहे? विश्वस्त मंडळी पुढेच बसली आहेत, मला दिसतायत. नाही, मला उद्या नको, सभेत ठराव नको. मी हा बसलो. चिपळ्या खाली ठेवल्या. पेटीवाले, सूर धरून ठेवा. देवाला आरतीची घाई नाही, तो तेवीस वर्षं थांबतो.

...उठले. जाऊ द्या, वाट द्या त्यांना. हं. तोवर त्या खांबापाशी माठ आहे, त्यातलं पाणी कुणीतरी फिरवा. कुणीतरी म्हणजे पुरुषांपैकी कुणीतरी. आणि आधी बायकांच्या बाजूला.